खारटेंभीचा बांध

खाडीकाठच्या सपाट खारजमिनीवर वसलेल्या खारटेंभीत एकेकाळी चाळीस घरं नांदत होती. आता दामाजी कोळी आणि सरस्वती, एवढी दोघंच नवरा-बायको उरली होती. अमावास्येच्या उधाणात बांध फुटला आणि खारं पाणी गावाच्या गोड्या विहिरीकडे सरकू लागलं. पूर्वी अशा वेळी अख्खं गाव घमेली घेऊन धावायचं. दामाजीने मानपाड्याला राहणाऱ्या मुलाला फोन लावला.

“प्रणित, चार माणसं घेऊन ये रे. पुढच्या भरतीआधी भगदाड बुजवायला पाहिजे.”

“बाबा, कोण येणार तिकडे आता? सोडा ते. तुम्ही दोघं इकडेच या.”

मग दामाजी एकटाच चिखल टाकू लागला. सरस्वती घमेली भरून देत होती. दुपारी भरती चढली आणि त्याच्या डोळ्यांदेखत सगळी भर वाहून गेली. तरी तो फावडं मारतच राहिला. पाणी छातीला लागलं तेव्हा सरस्वतीने त्याला दंडाला धरून ओढून काढलं.

तिसऱ्या दिवशी तिने विहिरीच्या पाण्यात भात शिजवला. मीठ न घालताही तो खारट लागला.

“प्रणितला सांगा, टेम्पो पाठव म्हणावं,” ती म्हणाली.

दामाजीने ताटातलं शेवटचं शीत संपवलं आणि फोन हातात घेतला.