मामांच्या ओळखीची मंडळी

सुरत शहरात माझ्या मामेसासऱ्यांच्या ओळखीचं नाही असं एकही झाड नसेल. माणसं मात्र त्यांच्या फारशी ध्यानात राहत नाहीत. माझं नाव त्यांना आमच्या लग्नानंतर चौथ्या वर्षी कळलं, तेही कुरियरवाल्याने मोठ्याने वाचलं म्हणून. तोपर्यंत 'जावईबापू'वर भागत होतं आणि नाव कळल्यावरही त्यांनी त्यात बदल करण्याची गरज मानली नाही. उलट माझ्या इमारतीच्या जिन्याशेजारी भिंतीच्या चिरेत उगवलेल्या उंबराच्या रोपाची चौकशी ते दर फोनवर करतात. "बरं आहे ना? किती पानांवर आला?" हे प्रश्न माझ्या मुलीबद्दल आहेत असं समजून मी पहिले काही महिने ती कितवीत आहे ते सांगत असे.

त्यांची आणि माझी पहिली भेट माझ्याच लग्नात, बोहल्यावर झाली. गुरुजी मंगलाष्टकांसाठी घसा साफ करत होते, तेवढ्यात एक सडपातळ, पांढऱ्या मिशांचे गृहस्थ पुढे आले, कलशाजवळ वाकले आणि त्यातलं एक पान अंगठा आणि बोटाच्या चिमटीत धरून चोळू लागले. मग साऱ्या मांडवाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "हे क्रोटन आहे!" कलशात पाच वेगवेगळ्या झाडांची पानं हवीत हे गुरुजींनाही मान्य होतं, पण तिथे दोन आंब्याची आणि तीन मंडपवाल्याच्या कुंडीतली होती. "पोरीचा संसार काय कुंडीत मांडायचा आहे?" असं विचारून मामा व्हिडिओ काढणाऱ्याच्या मोटारसायकलवर बसून निघून गेले ते वीस मिनिटांनी वड, पिंपळ, उंबर आणि जांभूळ घेऊन परतले. मुहूर्त टळला. माझ्या साताऱ्याकडच्या मंडळींनी पुष्कळ दिवस त्याचा राग धरला. मी मात्र त्या वीस मिनिटांत एकाच गोष्टीचा विचार करत होतो. डिसेंबरच्या दुपारी, सगळीकडे कापडाच्या गोदामांखेरीज काही दिसत नसताना, ही चार झाडं नेमकी कुठे उभी आहेत हे या माणसाला कसं ठाऊक?

मामा आयुष्यभर पॉवरलूमवर मास्तर होते. छत्तीस वर्षं मागांच्या खडखडाटात उभं राहिल्यामुळे त्यांचे कान जवळजवळ गेले, आणि ऐकू येत नाही असा माणूस बोलतो तसं ते बोलतात, म्हणजे ओरडून. त्यांच्या नवागामच्या दोन खोल्यांत प्रेमाची बोलणीसुद्धा गल्लीला ऐकू जातात. डोळ्यांपेक्षा त्यांचा भरवसा बोटांवर. सूत चिमटीत चोळून त्याची जात सांगणारी ती बोटं आता पानं चोळतात आणि निकालही कापडबाजाराच्या भाषेत देतात. रुईचं पान वेल्वेट, पिंपळाची कोवळी पालवी साटन, पळस म्हणजे भरपूर खळ मारलेलं मांजरपाट, माका खादी, आणि घोळीचं जाड गुळगुळीत पान "नुसतं रेक्झिन". ही पानं वाळवून ते साड्यांच्या जुन्या नमुना-पुस्तकांत चिकटवतात. व्यापारी ज्या पुठ्ठ्यांवर कापडाचे चौकोनी तुकडे लावून गिऱ्हाइकाला दाखवतात, त्यांवरचे तुकडे काढून तिथे पान, आणि खाली तीन नावं, अहिराणी, मराठी, गुजराती. अशी एकवीस पुस्तकं पलंगाखाली आहेत. पलंगावर मामी बसतात आणि साड्यांना लेस लावण्याचं काम करतात. "मी आजारी पडले तं याहिले तिसऱ्या दिवशी समजतं," असं त्या मला एकदा म्हणाल्या, "पण समोरच्या गटारीवरचा माका सुकला, तं जेवत नाहीत." मामांना हे ऐकू गेलं नाही. गेलं असतं तरी त्यांनी ते कौतुक म्हणून घेतलं असतं.

त्यांना स्कूटरवर मागे बसवून नेणं हे धाडसाचं काम आहे. एकदा पर्वत पाटियाच्या चौकात, साड्यांच्या गठ्ठ्यांनी भरलेले टेम्पो चारी बाजूंनी अंगावर येत असताना, त्यांनी माझ्या खांद्यावर अशी थाप मारली की मी घाबरून ब्रेक दाबला. मी पाय टेकवेपर्यंत मामा उतरून दुभाजकापाशी उकिडवे बसलेही होते. वाहतूक पोलीस धावत आला. "काका, शुं थयुं? पडी गया?" मामांनी त्याचा हात धरून त्यालाही खाली बसवलं आणि दुभाजकाच्या फटीतली, जमिनीला चिकटून पसरलेली एक लालसर देठांची वेल दाखवली. "साटोडी! आपण मराठीत पुनर्नवा म्हणतो. उन्हाळ्यात मरते, पावसात परत येते. इथे, या डिझेलमध्ये!" मागे हॉर्नचा कल्लोळ चालला होता. पोलिसाने वेलीकडे पाहिलं, मामांकडे पाहिलं, उठला, आणि शिट्टी वाजवून आमच्या बाजूची रांग त्या दुभाजकापासून हातभर लांबून काढू लागला. मामांनी त्याचे आभारही मानले नाहीत. पुनर्नवेला कुणी वाट करून देणं त्यांना स्वाभाविक वाटलं.

हे वेड कुठून आलं, ते मी एकदा विचारलं होतं. विचारलं म्हणजे ओरडलो होतो. तेव्हा ते पहिल्यांदा हळू बोलले. तापीकाठच्या गावातून एकोणिसाव्या वर्षी ते सुरतेला आले. बारा तासांची पाळी, एका खोलीत नऊ जण, भाषा कळत नाही. महिना झाला आणि त्यांनी परत जायचं ठरवलं. पिशवी घेऊन कारखान्याच्या मागच्या दाराने बाहेर पडले, तर कुंपणाच्या तारेवर डोडीची वेल चढलेली. त्यांची आई जिची भाजी करायची, तीच. "मी तिला म्हटलं, तू आठे कशी?" मामा सांगत होते. भावना दाटल्या की त्यांची भाषा आपोआप अहिराणीकडे वळते; 'आठे' म्हणजे 'इथे'. "मंग माले समजलं. तापी आमच्या गावावरून वाहते, तीच इथे समुद्राला मिळते. ही वेल काय माझ्यासारखी बिऱ्हाड घेऊन आली नाही, जावईबापू. ही इथलीच. तिथलीही आणि इथलीही. म्हटलं, हिचं घर इथवर आहे, तर माझंही असेल." ते पिशवी घेऊन परत आत गेले. त्यानंतर सुटीच्या दिवशी ते काठाकाठाने हिंडू लागले, कुणाकुणाचं घर इथवर आहे ते पाहायला.

आता जे घडलं त्यात माझा वाटा लाजिरवाणा आहे, पण सांगायला हवा. आमच्या भेस्तानच्या सोसायटीच्या मागे एक मोकळा प्लॉट आहे. पावसाळ्यानंतर तिथे कमरेएवढं रान माजतं. डास, साप, शिवाय दिसायला वाईट, अशा तक्रारी आल्या आणि सभेत ठरलं की जेसीबी फिरवून तिथे लॉन करायचं. मी सोसायटीचा सेक्रेटरी. सोमवारचा जेसीबी मीच ठरवला, कागदावर सही माझी. शुक्रवारी बायकोने हे फोनवर ओरडून मामांच्या कानावर घातलं. मला वाटलं, आता ते मला फाडून खाणार. पण शनिवारी सकाळी ते दारात उभे राहिले ते हातात मामींच्या लेसच्या कतरणीची पिशवी घेऊन, आणि एवढंच म्हणाले, "तोडा. तुमची जागा आहे. पण उद्या सकाळी एक तास द्या. ज्यांना घालवता आहात त्यांची नावं तरी ऐकून घ्या."

आमच्या सोसायटीचे प्रमुख सौराष्ट्राकडचे, मोठे कापडवाले आणि विनोदी गृहस्थ. त्यांना ही कल्पना सहलीसारखी वाटली. रविवारी सकाळी चाळीसेक माणसं खमण आणि चहा घेऊन प्लॉटवर जमली. मामा आत शिरले. एकेका झाडापाशी थांबायचं, पान चोळायचं, नाव ओरडायचं, ते काय आहे आणि कुणाच्या उपयोगाचं आहे ते दोन वाक्यांत सांगायचं, आणि त्याला लेसचा एक तुकडा बांधायचा. आघाडा. टाकळा. कुरडू. भुईआवळी. शिवलिंगी. गुळवेल. पहिली दहा झाडं होईपर्यंत माणसं हसत होती. कुणीतरी "मास्तर, हाजरी लो!" असंही म्हणालं. विसाव्या झाडाला बोलणं थांबलं. मामा घोळीपाशी आले आणि "लूणी" म्हणाले, तेव्हा प्रमुख एकदम पुढे झाले. "आ तो लूणी छे? मारी बा आनुं शाक करती." पांढऱ्या पॅंटीसकट ते चिखलात गुडघ्यावर बसले, आईच्या त्या भाजीचं एक पान तोडून तोंडात टाकलं आणि बराच वेळ खाली मान घालून चघळत राहिले. मग ओडिशाचा वॉचमन पुढे आला, मग तिसऱ्या मजल्यावरच्या राजस्थानी वहिनी. प्रत्येकाला काहीतरी ओळखीचं भेटत होतं आणि मामा प्रत्येकाला विचारत होते, "तुमच्याकडे काय म्हणता? जोरात सांगा!" साठाच्या पुढे मी मोजणं सोडलं. सगळ्या रानावर सोनेरी-रुपेरी लेसचे तुकडे हलत होते. गेली आठ वर्षं ज्या जागेकडे मी बाल्कनीतून 'कचरा' म्हणून पाहत आलो, तिथे आता मी जपून पाऊल टाकत होतो.

पाण्याच्या टाकीच्या मागे, जिथे सदा ओल असते, तिथे मामा थबकले. वीतभर उंचीचं एक झुडूप. त्यांनी पान चोळलं. वास घेतला. दुसरं पान चोळलं. चष्मा काढून पुसला. मग माझ्याकडे वळले आणि मी त्यांच्या तोंडून कधीच न ऐकलेले शब्द म्हणाले, "माले माहीत नही." पण तो चेहरा हरलेल्या माणसाचा नव्हता. एखाद्याला लांबून देवळाचा कळस दिसावा तसे ते त्या झुडपाकडे बघत होते.

"काका, ए तो अमारे त्यां थाय," आमच्याकडे होतं हे, असं कुणीतरी मागून म्हणालं, इतक्या हळू की मलाही जेमतेम ऐकू आलं. सुमीबेन होत्या. आमच्या इमारतीचे जिने झाडणाऱ्या, मांडवीच्या पलीकडच्या आदिवासी वस्तीतल्या. हातात झाडू, पदर दातात. आमच्या सोसायटीत त्यांचा आवाज असा कुणी ऐकलाच नव्हता. मी मामांना खूण केली. मामा त्यांच्यापुढे जाऊन, चक्क जमिनीवर मांडी घालून बसले आणि कानामागे हात धरला. "बोला बेन!" सुमीबेननी सांगितलं. मामांना ऐकू गेलं नाही. त्यांनी पुन्हा सांगितलं. "जोरात!" सुमीबेननी आजूबाजूला पाहिलं, चाळीस माणसांकडे पाहिलं, पदर सोडला, आणि घसा ताणून, टाकीच्या भिंतीवर घुमेल असं ते नाव ओरडल्या. आणि मग थांबल्याच नाहीत. त्याचा कंद कसा काढतात, किती पाण्यांत उकळतात, न उकळता खाल्ला तर जीभ कशी सुजते, दुष्काळात त्यांच्या आजीने त्यावर कसे दिवस काढले, सगळं त्याच आवाजात. मामा पुठ्ठ्यावर लिहून घेत होते.

ते नाव मी इथे लिहीत नाही. कारण मामांनी तिथल्या तिथे सगळ्यांना बजावलं, "ज्याला नाव हवं त्याने या बेनला विचारायचं. मी सांगणार नाही."

सोमवारी जेसीबी आला आणि प्रमुखांनी त्याला फाटकावरूनच परत पाठवला. पुढे सभेत भांडणं झाली, डासांचा मुद्दा खरा होता, आणि अखेर पुढच्या अर्ध्या भागात लॉन झालं. त्यावर प्लास्टिकची दोन हरणंही उभी आहेत. मागचा अर्धा भाग मात्र तसाच ठेवला आहे. जिना झाडायला आलेल्या सुमीबेनना पोरं आता अडवतात आणि पानं दाखवून नावं विचारतात. त्या सांगतात.

यंदा श्रावणात सुमीबेन मामांना आपल्या गावी घेऊन गेल्या. मामांचे गुडघे आता साथ देत नाहीत, म्हणून मीही गेलो. घरासमोर त्यांना खाटेवर बसवलं. सुमीबेनची आई, वाकलेली, बोळक्या तोंडाची, घराभोवती फिरून मूठ मूठ पाला आणून त्यांच्या मांडीवर ठेवत होती आणि नावं सांगत होती. मामांना त्यातली निम्मी माहीत नव्हती. त्या दिवशी ते एकदाही ओरडले नाहीत. नुसते ऐकत होते, म्हणजे त्या म्हातारीच्या ओठांकडे बघत होते.

संध्याकाळी बसमध्ये त्यांनी सगळा पाला ओल्या फडक्यात ठेवून मांडीवर घेतला. मग म्हणाले, "सगळा जन्म मी नदीकाठाने हिंडलो, जावईबापू. या बाईच्या घराभोवतीच एवढं सगळं उभं होतं. मी कधी विचारलं नाही."

थोड्या वेळाने त्यांना झोप लागली आणि डोकं माझ्या खांद्यावर टेकलं. मांडीवरच्या ओल्या फडक्यातला पाला खिडकीच्या उन्हात सुकत होता. मी हळूच हात पुढे करून त्यावर सावली धरली आणि सुरत येईपर्यंत तशीच धरून ठेवली.