आप्पांचं रविवारचं घर

नंदुरबारहून बडोद्याला जायचे दोन रस्ते आहेत. रेल्वेने गेलं तर सुरतला गाडी बदलावी लागते. गुजरात एस.टी.ने अक्कलकुवा, डेडियापाडा, राजपिपळा, डभोई असं गेलं तर एकाच खिडकीशी बसून सहा-सात तासांत पोचता येतं. मी बस धरली. आप्पा, म्हणजे माझे वडील, शिकायला याच रस्त्याने गेले होते आणि याच रस्त्याने परत आले होते.

आमच्या घरातली मी पहिली पदवीधर. आप्पा बडोद्याला बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षात एका विषयात नापास झाले आणि शिक्षण सोडून आले, एवढं आम्हाला माहीत होतं. मागच्या वर्षी माझा निकाल लागला तेव्हा त्यांनी उरलेली गोष्ट सांगितली.

बडोद्यात मराठी मुलांसाठी एका ट्रस्टचं वसतिगृह होतं. आप्पा तिथे राहायचे. राहणं मोफत, जेवण जवळजवळ मोफत. रविवारी संध्याकाळी मात्र खाणावळ बंद. त्या एका जेवणासाठी प्रत्येक मुलाला शहरातलं एकेक मराठी कुटुंब नेमून दिलेलं असे. मुलं त्याला ‘रविवारचं घर’ म्हणायची. आप्पांचं घर सुभानपुऱ्यात होतं, सुधाकाकूंचं. तीन वर्षं ते तिथे जेवले. आणि निकालानंतर काकूंच्या पाया पडून ‘पास झालो’ म्हणाले, पेढा खाल्ला, आणि दोन दिवसांनी गाव गाठलं. पुन्हा ना पत्र, ना भेट. याला आता बत्तीस वर्षं झाली.

मी म्हणाले, मी जाऊन येते. आप्पा म्हणाले,

“जा. माझा नमस्कार सांग. फक्त ते पास-नापासचं काढू नकोस.”

“म्हणजे खोटंच चालू ठेवू?”

“चालू नको ठेवू. गप्प राहा. गप्प राहण्यात खोटं काय आहे?”

आतून आई म्हणाली, “बत्तीस वर्षं गप्पच आहेत. काय मिळालं ते विचार त्यांना.”

फेब्रुवारीतल्या एका शनिवारी पहाटेच्या बसने निघाले. तिकीट तीनशेच्या आत. डेडियापाड्यापर्यंत साग आणि वळणं, अंगावर शाल लागते. राजपिपळ्यानंतर केळीच्या बागा सुरू होतात आणि थंडी संपते. डभोईला बस पंधरा-वीस मिनिटं थांबते. तिथले जुने दगडी दरवाजे बघायला एवढा वेळ पुरत नाही, गरम गोटे, म्हणजे मेथीची भजी, आणि चहाला पुरतो. शेजारच्या बाईंना मी विचारलं, बडोदा अजून किती लांब? त्या हसून म्हणाल्या, “आवी गयुं, बेन. हवे तो घर ज समजो.” आलंच, आता घरच समजा. मला वाटलं, आप्पांनीही हे वाक्य कधीतरी ऐकलं असेल, आणि त्यांना ते खरं वाटलं असेल.

बडोद्यात स्टेशनजवळच्या एका धर्मशाळेत उतरले. खोली साधी, स्वच्छ, बाईमाणसाला एकटीने राहायला बरी. ओळखपत्र लागतं आणि रात्री दहाला दार बंद होतं. संध्याकाळी शेव-उसळ खाल्ली. हे इथलं खास, आणि तिखट आहे. सोबत पाव जास्त मागा. मग रावपुऱ्यामागच्या गल्लीत वसतिगृह शोधलं.

इमारत अजून उभी आहे. मुलं आता कमी आहेत, खालच्या मजल्यावर स्पर्धा परीक्षांची अभ्यासिका चालते. मी पाहिलेल्या कुठल्याही संस्थेत नाव लिहायला इतकी जागा कोणी शोधली नसेल. पायरीवर देणगीदाराचं नाव, कपाटावर ‘कैलासवासी मातोश्रींच्या स्मरणार्थ’, पाण्याच्या टाकीवर नाव, पंख्याच्या पात्यांवर नाव. पंखा बंद असेल तेव्हाच दाता वाचता येतो. इथे राहून गेलेल्या मुलांची नावं मात्र कुठेच नव्हती. रखवालदार काका म्हणाले, “मुलांची नावं कशाला लिहायची? ती तर जायलाच येतात.”

मी स्वतः नंदुरबारला मुलींच्या शिक्षणासाठी काम करणाऱ्या एका छोट्या संस्थेत आहे. आमच्या अर्जांत ‘लाभार्थीचे नाव’ असा रकाना असतो आणि मी तो रोज भरते. आप्पा कधीतरी अशाच एका रकान्यात होते, हे त्या जिन्यात पहिल्यांदा नीट जाणवलं.

रविवारी संध्याकाळी सुभानपुऱ्याला गेले. स्टेशनहून रिक्षाने वीस मिनिटं. भाडं आधी ठरवा. आप्पांनी सांगितलेल्या खुणांपैकी पाण्याची टाकी तेवढी उरली होती, पण ती पुरली. दार उघडणाऱ्या बाई ऐंशीच्या आसपासच्या, सुती साडी, हाताला कणीक.

“कोण ग तू?”

मी आप्पांचं नाव सांगितलं. काकूंनी माझ्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं.

“त्याचे कान आलेत तुला. आव, बेस. रविवारीच आलीस? शिकवून पाठवलंय वाटतं.”

मी मनात भाषण तयार करून आले होते. ‘तुमच्या उपकारांमुळे एका गरजू विद्यार्थ्याला’ वगैरे. दोन वाक्यं झाली असतील, काकूंनी हात वर केला.

“कुठे काम करतेस ग? सरकारात?”

“सामाजिक संस्थेत.”

“तरीच. तुझ्या संस्थेत त्याला काय म्हणतील?”

“लाभार्थी,” मी खालमानेने म्हणाले.

“आणि मला?”

“दानशूर… आश्रयदाती.”

काकू इतक्या हसल्या की त्यांना खोकला आला. “अग, चार पोळ्या जास्त लाटायची मी. त्यात शूर काय? आमच्या काकांना रेल्वेत रविवारचीही ड्यूटी लागायची. जेवताना समोर कोणीतरी असावं, हा माझाच स्वार्थ. दर वर्षी घर बदलायचा नियम होता, लळा लागू नये म्हणून. मी वसतिगृहाच्या सेक्रेटरींकडे जाऊन भांडले. म्हटलं, मला हाच मुलगा पाठवा, नाहीतर कोणीच नको.”

त्यांनी पानं घेतली. पोळी, बटाट्याचं शाक, गोडसर वरण, भात. काका दहा वर्षांपूर्वी गेले. मुलगी अहमदाबादला असते.

“काय करतो आता?” काकूंनी विचारलं.

“टेम्पो आहे स्वतःचा. माल वाहतो.”

“बी.कॉम. होऊन?”

मी पोळीचा तुकडा मोडत राहिले. आप्पांनी सांगितलं होतं गप्प राहायला. पण समोर विचारणारं माणूस असेल तर गप्प राहणंसुद्धा उत्तरच होतं. 

“राहू दे,” काकू म्हणाल्या. “मला माहीत आहे. त्या दिवशी सकाळीच माहीत होतं.”

तेव्हा निकाल पेपरात छापून यायचा, नुसते नंबर. काकांनी आप्पांचा नंबर कॅलेंडरवर लिहून ठेवला होता. सकाळी दोघांनी चष्मा आलटून पालटून तीनदा यादी पाहिली. नंबर नव्हता. नापास झालेल्या मुलाला खोली सोडावी लागे, असा वसतिगृहाचा नियम. काका चहा न पिता सेक्रेटरींकडे गेले, एका विषयासाठी पोराचं वर्ष घालवू नका म्हणाले, आणि फेरपरीक्षेपर्यंत, म्हणजे दिवाळीपर्यंत, आप्पांची खाट राखून ठेवायचं कबूल करून घेऊन आले.

“मी काय बोलायचं ते ठरवून बसले होते. तो येईल, रडेल, मग सांगीन. संध्याकाळी आला. दारात शेजारच्या दोघी-तिघी उभ्या. आला तो सरळ वाकला आणि म्हणाला, काकू, पास झालो. शेजारीण लगेच ओरडली, पेंडा खवडावो! आता सगळ्यांसमोर पोराला खोटं पाडू का मी? काकांना पेढे आणायला पाठवलं. ते माझ्याकडे बघत राहिले, मी म्हटलं, जा ने. आणि माझ्या हाताने त्याच्या तोंडात पेढा घातला.”

काकूंनी माझ्या पानात भात वाढला. मी नको म्हणाले नाही.

“वाटलं, रविवारी जेवायला येईल तेव्हा एकटा असेल. तेव्हा बोलू. रविवारी पान मांडून बसले. तो शनिवारीच गेला होता.”

“तुम्ही पत्र का नाही लिहिलं, काकू?”

“काय लिहू? तुझं खोटं मला कळलंय? द्यायला सगळं होतं माझ्याकडे. त्याने मागितलं नाही, आणि मलाही त्याने मागितल्याशिवाय देता आलं नाही. तुमच्या संस्थेत याला काही शब्द आहे का?”

नव्हता.

निघताना मी विचारलं, हे आप्पांना सांगू का? काकू दाराला धरून उभ्या होत्या. “तू ठरव. मी इतकी वर्षं नाही सांगितलं, तेव्हा माझा सल्ला घेऊ नकोस.” आणि त्यांनी स्वतःचा फोन नंबर मला दोनदा म्हणायला लावला.

सोमवारी परतीची बस. पुन्हा डभोई, केळी, साग. खिडकीशी बसून मी फक्त हाच विचार केला, की बत्तीस वर्षांपूर्वी या वळणांवर एक मुलगा परत येत होता आणि मागे एका खोलीत त्याची खाट त्याच्यासाठी राखलेली होती.

खर्चाचं विचाराल तर तीन दिवसांत दीड हजारही लागले नाहीत. शहर पाहण्यासारखं आहे, मी फारसं पाहिलं नाही. मी आणलं ते एवढंच: आमच्या संस्थेत निकालाच्या दिवशी आम्ही पास झालेल्या मुलींना गुलाब देतो आणि फोटो काढतो. या जूनमध्ये मी त्या कार्यक्रमाला थांबणार नाही. यादीत नंबर नसलेल्या मुलींच्या घरी त्याच सकाळी जाणार आहे, शेजारी दारात जमायच्या आत.

आप्पांना मी आठ दिवस काही सांगितलं नाही. काका गेले, काकू बऱ्या आहेत, तुमची आठवण काढतात, एवढंच म्हणाले. त्यांनी मान हलवली, पण रोज काहीतरी विचारत राहिले. टाकी आहे का, जिना कुठल्या बाजूला, काका कसे गेले. त्या विचारण्यात इतकी ओढ होती की मला माझ्या गप्प राहण्याची लाज वाटायला लागली. दुसऱ्या रविवारी ते अंगणात टेम्पो धूत होते, तेव्हा सगळं सांगितलं. निकालाची यादी, सेक्रेटरी, खाट.

पाण्याची नळी त्यांच्या हातात तशीच वाहत राहिली. आईने आतून येऊन नळ बंद केला.

“कुठपर्यंत ठेवली होती म्हणालीस?”

“दिवाळीपर्यंत.”

ते टेम्पोच्या पायरीवर बसले.

“त्याच वर्षी दसऱ्याला मी बडोद्यात होतो,” ते म्हणाले. “ट्रकवर क्लीनर लागलो होतो. मकरपुऱ्याला माल उतरवायचा होता. ड्रायव्हर म्हणाला, तू इथेच शिकायचास ना, जा, भेटून ये कोणाला भेटायचं असेल तर. मी केबिनमध्ये तोंडावर टॉवेल घेऊन पडून राहिलो.” मग म्हणाले, “दोन तास होते, बेटा. वसतिगृह तिथून अर्ध्या तासावर.”