वाळ्याचा ठसा

कळमनुरीच्या काकूंनी आजची बिस्किटं आज कधी केली नाहीत. पीठ आज मळायचं आणि भाजायचं उद्या, हा त्यांचा नेम. कुणी घाई केली की म्हणायच्या, "तूप थिजू दे गं माय. थिजल्याबिगर बिस्किट उभं राहत न्हाई, फतकल मारून बसतं." एरवी काकू भारी भित्र्या. नवऱ्याला भ्यायच्या, विहिणीला भ्यायच्या, रस्त्यानं चाललेल्या शिपायालाही भ्यायच्या. पिठाच्या बाबतीत मात्र त्या कुणाचं ऐकत नसत.

काकू म्हणजे माझ्या धाकट्या जावेच्या, गोदाच्या आई. काका तहसिलीत कारकून. त्याआधी ते हिंगोलीला छावणीजवळ राहत आणि तिथल्या दवाखान्यातल्या एका नर्सबाईकडून काकू बिस्किटं शिकल्या. अंडं तेवढं त्यांनी वगळलं. गव्हाचं पीठ लुगड्याच्या धडप्यातून दोनदा चाळायचं, तूप आणि पिठीसाखर पांढरी होईस्तोवर हातानं फेसायची, वेलदोडा घालून लाटण्याएवढी जाड वळकटी करायची. ती ओल्या फडक्यात गुंडाळून, पितळी डब्यात घालून, रांजणाखालच्या गार वाळूत पुरायची. थंडीत अशा दोन-तीन वळकट्या आठवडाभर तयार असत. हवी तेव्हा एक काढायची, दोऱ्यानं चकत्या पाडायच्या आणि पातेल्यात खाली-वर निखारे ठेवून भाजायच्या. भाजण्याआधी प्रत्येक चकतीवर त्या गोदाच्या लहानपणचा चांदीचा वाळा दाबत. "तिला बराबर कळतंय, हे आईचं," असं मला एकदा म्हणाल्या होत्या.

गोदाच्या लग्नात काकूंनी रुखवतात बिस्किटांचा मनोरा मांडला. केवढ्या हौसेनं मांडला होता! आणि तिथंच पोरीचं नशीब फिरलं. आमच्या डोंगरकडा गावच्या बायकांत कुजबुज सुरू झाली, की हे छावणीचं खाणं, यात अंडं असतं. सासूबाईंनी भर मांडवात तोंडाला पदर लावला. "आमाला बाटवायला बोलावलं का?" काकू हात जोडून, शपथा घेऊन थकल्या. त्यानंतर पाच वर्षांत सासूबाईंनी गोदाला एकदाही माहेरी धाडलं नाही आणि काकूंना आमचा उंबरा चढू दिला नाही.

आमची बैलगाडी बाजाराला कळमनुरीला जायची. कधीमधी मीही जायची आणि दुपारी काकूंकडं टेकायची. त्या गोदासाठी डबा भरून माझ्या हाती देत. लढाईच्या दिवसांत साखर मिळेनाशी झाली, तेव्हा स्वतः गुळाचा चहा प्यायल्या, पण रेशनची साखर या डब्यासाठी राखली. "विहीणबाईंच्या नजरंआड दे गं. काय करून राहिली माझी गोदी? वाळली का?" मी म्हणायची, "बरी आहे, काकू."

पहिला डबा सासूबाईंनी गाडीतून उतरतानाच पकडला. "गुरांपुढं टाक जा," म्हणाल्या. मी गोठ्यात गेले. टाकायच्या आधी एक तुकडा तोंडात घातला, आणि मग गव्हाणीच्या कडेला बसून सगळा डबा संपवला. खोटं कशाला बोलू? सासूबाईंचा धाक होता, पण पुढचे डबे मी त्यांच्या नजरेला पडूच दिले नाहीत, तेही गोठ्यात बसून मीच संपवले. ते गोदाला सहज देता आले असते. पण मला आई नव्हती. नऊ वर्षांची असताना ती गेली, आणि त्यानंतर माझ्यासाठी कुणी काही वाळूत पुरून ठेवलं नव्हतं. गोदाला हे आपसूक मिळतं, याचा माझा जळफळाट व्हायचा. ती गाडीपाशी येऊन हळूच विचारायची, "अक्का, आईनं काई दिलं न्हाई का?"

"न्हाई गं."

पुढं पुढं तिनं विचारणंच सोडलं.

डबा मात्र मी घासूनपुसून परत नेत असे. तो रिकामा बघून काकूंचा चेहरा असा काही खुलायचा, की माझ्याच्यानं वर बघवत नसे. "सगळी संपली का? खाऊन राहिली म्हणजे लेक सुखात हाय माझी." एवढ्यावर त्यांचे पुढचे पंधरा दिवस जायचे.

मग रझाकारांच्या धास्तीनं रस्ते ओस पडले, गाडी निघेना. त्याच पावसाळ्यात गोदा तापानं अंथरुणाला खिळली. एका सकाळी मला म्हणाली, "अक्का, आई विसरली मला. काहून विसरली असंल?" सगळं अगदी ओठांवर आलं होतं. सांगितलं असतं तर तिनं मला शिव्याशाप दिले असते, पण आई आपली आहे हे कळून तरी गेली असती. मी तिच्या कपाळावरची ओली पट्टी बदलली. दुसऱ्या दिवशी दुपारी ती गेली.

हिंदुस्थानची फौज आली, रस्ते सुटले, तेव्हा मी येते असा काकूंना निरोप धाडला आणि शेवटचा डबा परत द्यायला गेले. पोरीची बातमी त्यांना उशिरा, कुणा वाटसरूकडून कळली होती. सगळं सांगायचं ठरवूनच मी गेले होते. काकूंनी झाकण काढलं, आत बघितलं, तळावरून बोट फिरवलं.

"ही तरी खाल्ली का गं तिनं?"

"खाल्ली, काकू. तुमचं नाव घेत होती."

"मग बरं झालं," म्हणाल्या, आणि आत जाऊन तोच डबा भरून घेऊन आल्या. "हा तुला. तुला आई न्हाई ना माय. पहिल्यापासूनच तुझ्यासाठी काई करायला पाहिजे होतं, माझ्या ध्यानातच आलं न्हाई."

घरी आल्यावर मी डबा घेऊन गोठ्यात गेले. सासूबाईंना भिऊन नाही. मला ती दुसरीकडं खायची सवयच नव्हती. झाकण उघडलं. एकाही बिस्किटावर वाळ्याचा ठसा नव्हता. गोदाची नव्हतीच ती, माझी होती. पीठ आदल्या दिवशीचं असणार. म्हणजे माझा निरोप मिळाल्यावर, पोरीच्या दुःखात, काकू माझ्यासाठी पीठ मळायला बसल्या होत्या.

एकही तोंडात घालवेना. सगळी गुरांपुढं टाकली, सासूबाईंनी पहिल्या दिवशी सांगितलं होतं तशी. डबा घासून ठेवला. तो परत द्यायला मात्र मी कधीच गेले नाही.