सखूबाईचं गोंदण

ही गोष्ट मी आजवर कुणाला सांगितली नव्हती. चहा येईपर्यंत ऐका. हसलात तरी चालेल, मला मात्र अजून हसता आलेलं नाही.

फलटणला माझा फोटो स्टुडिओ. लग्नाच्या मुली गोऱ्या करून देण्यात माझा हात धरणारा कुणी नाही. सावळी पोरगी आत येते आणि कॉम्प्युटरमधून दुधात न्हाऊन बाहेर पडते. बाप खूश. मग पाहुणे घरी येतात, फोटो बघतात, पोरीकडे बघतात, आणि मान खाली कुणी घालायची? पोरीनं. मी तोवर पुढच्या पोरीचं नाक सरळ करत असतो.

सवयच जडली होती. कुणाचाही फोटो काढला की रंग उजळायचा, डाग काढायचे आणि मूळ फोटो उडवून टाकायचा. उगाच जागा कशाला अडवा?

तर एकदा बिरूआण्णा आले. मेंढरं राखण्यात सगळी हयात गेलेली. बायको, सखूबाई, वारून वर्ष होत आलेलं. तिचा जन्मात एकच फोटो, कुठल्याशा अर्जासाठी मीच काढलेला. तो मोठा करून भिंतीला लावायचा होता.

मी तो कॉम्प्युटरवर उघडला. आण्णा बघत राहिले.

"ह्या बाई कुणाच्या?"

म्हटलं, म्हाताऱ्याला नीट दिसत नसेल. चेहरा मोठा केला.

"न्हाई वो. ही न्हाई."

मग वाटलं, उजेड कमी पडला. अजून उजळ केला. वर गालावरच्या सुरकुत्या काढून दिल्या, त्या फुकट.

"आवं, दुसऱ्याची बाई कशाला न्यावी घरी? हिच्या कपाळावर गोंदण कुठं हाय?"

गोंदण. ते हिरवे ठिपके मी डागांत धरून पुसून टाकले होते.

"धा वर्साची हुती तवा रडत रडत गोंदून घेतलं, देखणी दिसावी म्हणून," आण्णा म्हणाले. "सोनंनाणं हितंच ऱ्हातं, गोंदण तेवढं संगं जातं, म्हणायची. ते बी तुमी काढलं."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मूळ फोटो शोधला. असणार कुठून?

शेवटी मी माउस धरला. आण्णा शेजारी बसले आणि स्वतःच्या कपाळावर बोट ठेवून सांगू लागले. "हितं. जरा खाली. हनुवटीवर तीन." दोन तास आम्ही ठिपके देत होतो. तरी ती सखूबाई झाली नाही. मला ते कळत होतं आणि त्यांनाही.

फोटो घेऊन निघताना त्यांची नजर काउंटरमागच्या माझ्या फोटोवर गेली.

"ह्ये कोण? धाकटं भाऊ व्हय तुमचं?"

"मीच, आण्णा."

त्यांनी एकदा फोटोकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. रागावले असते तर बरं वाटलं असतं. त्यांना माझी कीव आली होती.

"मग घरच्यास्नी आत्ताच सांगून ठिवा," ते म्हणाले, "तोंडावर कुठं काय हाय ते."