मी गाळलेलं पान

पालघरच्या एका छापखान्यात मी अक्षरांचे खिळे जुळवायचो. लग्नपत्रिका, पावतीपुस्तकं, असली सोवळी कामं. त्यात मास्तर आले. शाळेची नोकरी सोडून हा माणूस पुस्तकं काढायचा, तीही अशी की शहाणी माणसं पिशवीत तळाशी लपवून न्यायची. त्यांच्या एका पुस्तकावर सरकारनं आधीच बंदी घातली होती. म्हणजे आ बैल मला मार!

तारापूरला अणुवीज केंद्राचं बांधकाम चाललं होतं ते दिवस. तिथल्या किनाऱ्यावर बोंबील सुकवणारी एक मावशी आपलं आयुष्य सांगायची, मास्तर जसंच्या तसं लिहून घ्यायचे. पोटुशी असताना तिला नवऱ्यानं मारलं, ते आणि तिनं त्याला हासडलेल्या शिव्या एका पानावर होत्या. ते पान मी सरळ गाळलं. म्हटलं, कोण बघतंय.

पण मास्तरांची रीत निराळी. मावशीला वाचता येत नव्हतं, म्हणून प्रूफं तिला वाचून दाखवायची. एसटीनं मलाही घेऊन गेले. बोंबील काठीवर टाकता टाकता ती मध्येच थांबली. "मला मारलेला कुटं हाय? ता नाय वाचलंस." मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं. मेल्याहून मेल्यासारखं झालं. परत येऊन पान जुळवलं.

पुस्तक निघालं आणि पोलिसांनी गठ्ठे उचलले, माझ्या पहिल्या प्रुफासकट. अश्लील म्हणून मास्तरांवर खटला. त्यांचे वकील म्हणाले, ते पान काढतो असं लिहून द्या, सुटाल. मावशीसुद्धा म्हणाली, "काड रं बाबा, तुजी पोरं हायत."

"तिचं तोंड मी नाही दाबणार," मास्तर म्हणाले. तुरुंग समोर दिसत असताना! मला राग आला त्यांचा, आणि खोटं कशाला बोलू, पाय धरावेसेही वाटले.

कोर्टात सरकारी वकिलांनी ते पान गाळलेलं माझं प्रूफ नाचवलं. जुळणाऱ्यालाही लाज वाटली, म्हणजे मजकूर घाणेरडाच. मला पिंजऱ्यात उभं करून विचारलं, वाटली की नाही लाज?

"वाटली," मी म्हणालो. "माझा बापही आईला असाच मारायचा. घरात आम्ही कधी बोललो नाही."

मास्तरांना तरीही तीन महिन्यांची सजा झाली. पोलीस नेत होते, तेव्हा माझ्याजवळ थांबून म्हणाले, "आधी घरी जा. तू इथं बोललास ते आईला दुसऱ्या कुणाकडून कळायला नको."