काकांची सही

माणसाची सही म्हणजे त्याची अब्रू, असं माझे काका सांगत. ही अब्रू त्यांना चाळिसाव्या वर्षी मिळाली, तीही सावकाराच्या आग्रहाखातर.

नव्वद-एक्याण्णव साली काका सुरतजवळ भेस्तानला कापडाचे लूम चालवत. मुलीच्या लग्नासाठी त्यांनी वीस हजार व्याजाने मागितले. सावकार म्हणाला, "अंगूठा नहीं चलेगा, काका. खाता खोलो, चेक दो." मग मी त्यांच्याकडून पाटीवर सही गिरवून घेतली. महिनाभरात ती छापल्यासारखी येऊ लागली. चेक मात्र सावकाराने कोराच ठेवायला सांगितला.

"रकम लिखेल नई, आन् सही कसाले?" काकूने विचारलं.

"त्याले लिखता येस," काका म्हणाले.

दोन वर्षांत त्यांनी पैसे व्याजासकट फेडले, पावती न घेता. चेक परत मागितला, तर सावकार म्हणाला, "वो तो कब का फाड दिया." पुढच्या वर्षी त्याच चेकवर ऐंशी हजार लिहून त्याने तो बँकेत टाकला. खात्यात पैसे नसल्याने चेक वटला नाही आणि काका फौजदारी कोर्टात आरोपी झाले.

वकिलाने पढवलं होतं: सही माझी, पण रक्कम त्याने भरली. न्यायाधीशांनी चेक दाखवला, तेव्हा काका मान ताठ करून म्हणाले, "मेरीच सही है, साहब. मिलाके देखो." पुढचं सांगायचं राहून गेलं.

सहा महिन्यांची शिक्षा झाली. तुरुंगाच्या दारात नोंदवही पुढे आली, तेव्हा काकांनी पेन मागितलं. तिथे अंगठाच घेतात.