मॅनेजर नको, इकॉनॉमिस्ट लिहा

माझ्या यादीत बावीस कागद होते आणि बावीसही कागदांपुढे खूण झाली होती. त्यामुळे सोमवारी सकाळी माझ्या व्हिसाचं काम बघणाऱ्या वकीलबाईंचा ईमेल आला तेव्हा मी तो चहा पीत निर्धास्तपणे उघडला. अठराव्या क्रमांकाचा कागद चालणार नाही, असं त्यांनी लिहिलं होतं. शुक्रवारपर्यंत नवा हवा होता.

कागद कशाचे ते आधी सांगते. अमेरिकेतल्या एका विद्यापीठाशी जोडलेल्या अभ्याससंस्थेनं मला दोन वर्षांसाठी अर्थतज्ज्ञ म्हणून बोलावलं होतं. विषय माझ्या ओळखीचा होता: कोरडवाहू भागातली कुटुंबं शेळ्या-मेंढ्या कधी विकतात, का विकतात आणि भाव कसा ठरतो. परभणी जिल्ह्यातली ही माहिती सात वर्षं मीच त्यांना गोळा करून देत होते. आता ती घेऊन त्यांच्या शेजारी बसायचं होतं. त्यासाठी तात्पुरता कामाचा व्हिसा लागतो, आणि तो मिळायचा तर मी खरोखर अर्थतज्ज्ञ आहे हे कागदावर दिसावं लागतं.

तिथंच अडचण होती. माझी पदवी अर्थशास्त्राचीच, पण तीन वर्षांची. तिकडची पदवी चार वर्षांची असते. कमी पडणाऱ्या एका वर्षासाठी त्याच विषयातल्या कामाची तीन वर्षं दाखवता येतात. नुसती नोकरी होती म्हणून भागत नाही. काम अर्थतज्ज्ञाचं होतं आणि ते त्या विषयातल्या शिकलेल्या माणसाच्या हाताखाली झालं, असं कुणीतरी लिहून द्यावं लागतं. गेली सात वर्षं मी स्वतंत्रपणे काम करते, आणि स्वतःच्या कामाचं पत्र स्वतःला देता येत नाही. त्याआधीची बरीच वर्षं एका शाळेच्या कार्यालयात गेली, ती इथं उपयोगाची नाहीत. राहिली त्याहून जुनी, जिंतूरची तीन वर्षं.

जिंतूरला तेव्हा एक छोटी स्वयंसेवी संस्था होती. मी तिथं सर्वेक्षण सहायक होते. संस्था कधीच बंद झाली. तिचे संचालक, म्हणजे आमचे सर, अर्थशास्त्राचे एम.ए., कॉलेजातली नोकरी सोडून तिथं आलेले. आता सत्तरी ओलांडून जिंतूरलाच असतात. माझ्या त्या तीन वर्षांचा साक्षीदार एवढा एकच माणूस. मी फोनवर पत्र मागितलं, सरांनी चार दिवसांत टाइप करून सही करून पाठवलं. पत्र आलं, मी यादीत अठराव्या क्रमांकापुढे खूण केली. ‘चारित्र्यसंपन्न, कष्टाळू, ज्येष्ठांचा आदर ठेवणारी’ एवढं वाचून सुखावले होते, हेही कबूल करते. वरची ओळ मी नीट वाचलीच नव्हती. याद्या करणाऱ्या माणसाचा हा रोग आहे. कागद हातात आला की काम झालं असं वाटतं.

मी लगेच व्हिडिओ कॉल लावला. वकीलबाईंनी सरांचं पत्र पडद्यावर धरलं.

“तुम्ही तिथं प्रकल्प व्यवस्थापक होता?”

“नाही. सर्वेक्षण सहायक.”

“मग यात मॅनेजर का आहे?”

मी त्यांना समजावून सांगितलं. आमच्याकडे पत्र देणारा माणूस पद थोडं वाढवून देतो. ती आपुलकीची रीत आहे. लग्नपत्रिकेत कारकुनाचा साहेब होतो, तसंच. त्या म्हणाल्या, “अर्थतज्ज्ञाचा व्हिसा मॅनेजरला मिळत नाही. आणि खोट्या पदावर तर कुणालाच मिळत नाही. पद लहान असलं तरी चालेल. तुम्ही रोज काय करत होता ते लिहून आणा.”

नवरा पालमच्या शाळेत शिकवतो. डबा भरता भरता मी त्याला हे सांगितलं. तो बूट घालत म्हणाला, “मॅनेजर तर तू घरात हायसच की. ते पत्र मी देतो.” आणि एसटी गाठायला निघून गेला.

सरांना फोन केला तर काकूंनी उचलला. बुधवारी सरांच्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन, त्यानंतर आठ-दहा दिवस लिहायचं-वाचायचं नाही. म्हणजे माझ्याकडे मंगळवार होता. मी नव्या पत्राचा मसुदा टाइप करून दोन प्रती काढल्या, दोन पेनं घेतली, माझ्याकडे राहिलेला संस्थेचा शाईचा शिक्काही आठवणीनं घेतला होता, पण बंद संस्थेचा शिक्का मारणं योग्य नाही म्हणून परत कपाटात ठेवला. मंगळवारी सकाळच्या एसटीनं जिंतूरला उतरले तेव्हा दहा वाजायचे होते.

सर ओट्यावर बसले होते. काकूंनी चुरमुऱ्यांचा सुशीला केला होता, वर भरपूर शेंगदाण्याचं कूट. खाऊन होईपर्यंत सरांनी काही विचारू दिलं नाही. मग मी मसुदा पुढे केला. आमच्याकडे पत्र ज्याला हवं त्यानंच लिहून न्यायचं असतं, देणाऱ्यानं फक्त सही करायची, त्यामुळे यात मला वावगं काही वाटलं नाही. सरांनी कागद डोळ्याजवळ धरला, लांब धरला.

“हे काय? सहायक?”

“होते ना मी, सर.”

“मी तुला मॅनेजर केलं, अन् तू स्वतःला खाली उतरवायलीस?”

मी नियम सांगितला. तीन वर्षं, एक वर्ष, अर्थतज्ज्ञाचं काम. सरांनी मान हलवली.

“इकॉनॉमिस्ट म्हणजे काय गं, बी.ए. झालेलं कोणबी म्हणतंय स्वतःला इकॉनॉमिस्ट. मॅनेजर म्हटलं की माणूस खुर्ची पुढं करतंय. तिकडं परक्या मुलखात जायलीस. हाताखालची म्हणून जाऊ नको. मी सही करणार न्हाई.”

“सर, त्यांना खोटं चालत नाही.”

“खोटं कसं? काम तूच करत होतीस सगळं.”

काकू आतून म्हणाल्या, “करत होती तर तवाच द्यायचं होतं पद. आता द्यायलेत, संस्था बुडाल्यावर.”

सरांनी मसुदा मांडीवर ठेवला. मला कळायला थोडा वेळ लागला. संस्थेत मॅनेजरची जागा निघाली होती, माझ्या दुसऱ्या वर्षी. सरांनी माझं नाव सुचवलं होतं आणि समितीनं अध्यक्षांच्या साडूच्या मुलाला घेतलं. सर काही बोलले नव्हते. मीही नाही. मला वाटलं होतं, ती गोष्ट तेव्हाच संपली. सरांच्या मनात ती संपली नव्हती. त्या पत्रात त्यांनी मला ती जागा देऊन टाकली होती.

मी याद्यांची माणूस, अशा वेळी काय बोलावं ते मला सुचत नाही. म्हणून जे सुचलं ते विचारलं.

“सर, तो मॅनेजर दिवसभर काय करायचा?”

सरांनी विचार केला. “चहा प्यायचा. अन् गाडी मागायचा.”

“मग त्याचं पद मला कशाला चिकटवता?”

काकू आत मोठ्यानं हसल्या. सरही हसले, पण पेन घेतलं नाही. मसुदा पुन्हा वाचला. मग म्हणाले, “ह्यात शेळ्या तोलायचं न्हाई.”

खरंच नव्हतं. माझ्या मसुद्यात ‘प्राथमिक माहिती संकलन’, ‘कुटुंबांच्या मुलाखती’, ‘तक्ते तयार करणे’ अशी सुबक वाक्यं होती. शेळ्या तोलण्याचं मी विसरले होते.

जिंतूरच्या बाजारात शेळीचा भाव नजरेनं ठरतो. व्यापारी आणि विकणारा रुमालाखाली हात घालतात, बोटं दाबून आकडा सांगतात, आणि शेजारच्याला काही कळत नाही. शाळा उघडायच्या आधी भाव पडतो. व्यापारी म्हणायचे, उन्हाळ्यानं शेळी वाळते, मालच हलका येतो. आम्हीही तेच लिहीत होतो. मला ते पटलं नाही. मी लोंबता वजनकाटा घेऊन बाजारात जाऊ लागले. विकणाऱ्या बायांना आधीच बोलून ठेवायचे. सौदा झाला की त्या बाजूला येऊन आकडा कानात सांगायच्या. व्यापाऱ्यांनी माझं नाव ‘काटेवाली’ ठेवलं. एक जण रोज विचारायचा, “बाई, आज मला तोलता का?” मी म्हणायचे, तुमचा भाव ठरू द्या आधी.

“सारख्या वजनाची शेळी,” सर आता सांगायला लागले होते, बोट उंच करून, वर्गात शिकवल्यासारखे, “उन्हाळ्याच्या सुरुवातीला एक भाव अन् शाळेच्या तोंडाला दुसरा. म्हणजे शेळी वाळत न्हवती. एकाच आठवड्यात सगळ्यांना वह्या-पुस्तकं घ्यायची, म्हणून सगळे एकदम विकायला यायचे. हे तू दाखवलंस. मग येलदरीकडच्या बायांनी विक्री महिनाभर आधी केली, थोडी थोडी. आठवतं का?”

“आठवतं.”

“मग हे इकॉनॉमिक्स न्हाई तर काय हाय? हे लिहायचं सोडून तक्ते काय लिहायलीस!”

“लिहा ना मग, सर. तुमच्या शब्दांत.”

त्यांनी पेन घेतलं, कोरा कागद घेतला आणि पहिल्या दोन ओळींनंतर थांबले. मी घड्याळाकडे पाहिलं नाही, हे मला प्रयत्नानं करावं लागलं.

“तो अहवाल तू लिहिला होतास,” ते म्हणाले. “वर नाव त्याचं लागलं. मॅनेजरचं. अन् खाली सही माझी होती.”

“माहीत आहे, सर.”

“ते लिहावं लागंल मग.”

“तुम्हाला वाटलं तर.”

“वाटायचा काय संबंध? कोण केलं हे त्यांना पाहिजे ना?”

काकू पदराला हात पुसत दारात येऊन उभ्या राहिल्या. सरांनी वाकून, कागदाला नाक लावून, दोन पानं लिहिली. डाव्या डोळ्यानं कमी दिसत होतं म्हणून ओळी उजवीकडे चढत गेल्या. पद: सर्वेक्षण सहायक. काम: बाजारभावाचा अभ्यास, वजनाप्रमाणे भावाची तुलना, विक्रीच्या काळाचा परिणाम. आणि शेवटी असं की, या विषयावरचा संस्थेचा अहवाल या बाईंनी लिहिलेला आहे. त्यावर दुसऱ्याचं नाव छापलं गेलं ही चूक माझ्या संमतीनं झाली. खाली सही, स्वतःची पदवी, तेव्हाचं पद. चारित्र्याची ओळ त्यांनी या वेळीही घातली. मी ती काढायला सांगितली नाही.

परभणीला येऊन मी त्याचं इंग्रजी करून घेतलं, हाताचं मूळ पत्र सोबत जोडलं आणि गुरुवारी पाठवलं. वकीलबाईंचं उत्तर एका ओळीचं होतं: हेच हवं होतं.

पुढं तीन महिन्यांनी मुंबईला मुलाखत झाली. काचेपलीकडच्या अधिकाऱ्यानं माझे बावीस कागद उघडलेही नाहीत. सरांच्या पत्राचं इंग्रजी तेवढं त्याच्यासमोर होतं. त्यानं विचारलं, “शेळी तोलण्याचा अर्थशास्त्राशी काय संबंध?” मी सांगितलं. रुमाल, काटा, शाळेचा आठवडा, सगळं तीन-चार वाक्यांत. त्यानं आणखी एकच विचारलं, की बाया कानात सांगतात तो आकडा खरा कशावरून. चांगला प्रश्न होता. मी म्हणाले, दोन बायांना वेगवेगळं विचारायचे, आणि संध्याकाळी व्यापाऱ्याच्या बायकोला. तो हसला आणि पासपोर्ट ठेवून घेतला.

पासपोर्ट व्हिसा लागून घरी आला त्या दिवशी मी सरांना फोन केला. ऑपरेशन चांगलं झालं होतं. आता समोरच्या घराच्या दारावरची पाटीसुद्धा वाचता येते, असं त्यांनी आधी सांगून घेतलं.

“मिळाला का?”

“मिळाला, सर.”

“काय म्हणून जायलीस? कागदावर काय हाय?”

“इकॉनॉमिस्ट.”

“मॅनेजर न्हाई?”

“नाही.”

पलीकडे काकू काहीतरी म्हणाल्या, ते मला ऐकू आलं नाही. सर त्यांना म्हणाले, “अगं, तेच विचारायलोय.” मग मला म्हणाले, “बरं. काटा घेऊन जा सोबत. तिकडं भेटंल न भेटंल.”

सामानाची यादी माझ्यासमोरच होती. मी त्यात लिहून घेतलं.